सुटलेली सावली आणि तिचे कायदे : वाचकांचे प्रश्न

कल्पितकथा लिहिणाऱ्या वाचकांनी आपल्या अडचणी कळवाव्यात, असे या सदरातून सुचवल्यानंतर विदर्भातील गावांतून जी पत्रे आली, त्यांतील बरीचशी एकाच विषयाभोवती फिरणारी निघाली. तो विषय म्हणजे सावली. कुणाच्या कथेत ती अंगापासून सुटते, कुणाच्या कथेत ती विकली जाते, तर कुणाला ती पुराणात सापडते का हे हवे आहे. त्यामुळे या वेळचे सदर पूर्णपणे सावलीला दिले आहे. पत्रे संक्षिप्त केली असून पत्रलेखकांची नावे दिलेली नाहीत.

प्रश्न : मी यवतमाळ जिल्ह्यात शेती करतो आणि जागलीला गेलो की मचाणावर बसून वहीत एक दीर्घकथा लिहितो. माझ्या कथेतला देश कोणत्याही नकाशात नाही. तेथे सूर्य बुडताना प्रत्येकाची सावली अंगापासून सुटते, रात्रभर एकटी हिंडते आणि पहाटे पूर्वेकडून परत येऊन पायाला चिकटते. ज्याची सावली परत येत नाही त्याला लोक ‘उणा’ म्हणतात आणि त्याला गावाबाहेर राहावे लागते. ज्यांना मी कथा वाचायला दिली, त्यांनी कल्पना चांगली आहे पण पटत नाही, असे सांगितले. न पटण्यासारखे यात काय आहे? सोबत पहिली काही पाने पाठवत आहे.

उत्तर : सावली सुटते, हे न पटण्याचे कारण नाही. वाचक एक अशक्य गोष्ट आनंदाने मान्य करतो, मात्र त्या बदल्यात बाकीचे सगळे आपल्या ओळखीचे असावे अशी त्याची अपेक्षा असते. आपली पाने वाचताना अडचण दिसली ती इथेच, कारण आपल्या कथेतली सावली सुटण्याआधीसुद्धा सावलीसारखी वागत नाही. दुसऱ्याच पानावर भर दुपारी वावरात डवरणी करणाऱ्यांच्या ‘लांबच लांब सावल्या’ पडल्या आहेत. ज्याने दुपारी वावरात पाय ठेवला आहे, त्याचा विश्वास तेथेच उडतो आणि पुढे सावली सुटली काय किंवा गायला लागली काय, त्याला सारखेच.

म्हणून आधी सावलीचे साधे कायदे हाताशी घ्यावेत. सूर्य क्षितिजापासून ४५ अंश वर असतो तेव्हा सावली माणसाच्या उंचीइतकी पडते, ३० अंशांवर ती सुमारे पावणेदोनपट होते, १० अंशांवर साडेपाचपटीच्या पुढे जाते आणि ५ अंशांवर जवळजवळ साडेअकरापट होते. साडेपाच फूट उंचीचा माणूस त्या वेळी धुऱ्यावर उभा असेल, तर त्याची सावली सुमारे ६३ फूट लांब पडते आणि डोके शेजाऱ्याच्या तुरीत जाऊन पोचते. सूर्य १० अंशांवरून ५ अंशांवर यायला आपल्याकडे वीस-बावीस मिनिटे लागतात, म्हणजे तेवढ्या वेळात सावली दुप्पट होते. दिवसभर जी सावली सरकताना दिसत नाही, ती त्या वेळी बघता बघता पळते. आपल्या कथेला जी घाई हवी आहे, ती निसर्गाने तयारच ठेवली आहे.

याहून उपयोगी गोष्ट सावलीच्या कडेची आहे. सूर्य हा बिंदू नाही, आकाशात त्याची चकती सुमारे अर्धा अंश रुंद दिसते, त्यामुळे सावलीची कड कधीच पूर्ण रेखीव नसते. वस्तू आणि जमीन यांच्यातील अंतर जितके जास्त, तितकी ती कड पसरट होते आणि हा पसरटपणा दर मीटरमागे साधारण नऊ मिलिमीटर भरतो. पायांची सावली पायांना लागूनच पडते, म्हणून ती स्पष्ट असते. ६३ फुटांवर, म्हणजे सुमारे १९ मीटरवर पडलेल्या डोक्याच्या सावलीची कड मात्र १७-१८ सेंटीमीटर पसरते. माणसाचे डोके रुंदीला तेवढेही नसते. म्हणजे मावळतीच्या सुमारास आपल्या सावलीचे पाय काळेभोर असतात, धड फिके होत जाते आणि डोके नुसताच एक धूसर डाग उरतो. कोणत्याही संध्याकाळी आपण हे वावरात उभे राहून पडताळून पाहू शकता.

आता आपल्या कथेकडे वळू. आपण सावली पायापासून उचकटून वेगळी केली आहे, जणू कुणी जमिनीवरून सालपट काढावे. ती डोक्यापासून सुटू द्यावी, असे माझे मत आहे. आधी डोक्याची कड विरते, मग खांदे जमिनीवर ठरेनासे होतात, हातांची हालचाल मालकाच्या हालचालीच्या किंचित मागे पडू लागते आणि शेवटी फक्त दोन पावलांपाशी ती अडकून राहते. असे लिहिल्यास खऱ्या संध्याकाळी दिसणाऱ्या गोष्टीला आपण केवळ एक पाऊल पुढे नेलेले असेल आणि वाचकाला कुठे खरे संपले व कुठे कल्पित सुरू झाले हे चटकन सांगता येणार नाही.

सुटलेल्या सावल्या रात्री कुठे जातात, हे आपण मोघम ठेवले आहे. तेही ठरवता येईल. सूर्य बुडाल्यावर काही मिनिटांनी पूर्वेकडे पाहिले तर क्षितिजालगत करडा-निळा पट्टा वर चढताना दिसतो आणि त्याच्या माथ्यावर गुलाबी छटा असते. तो पट्टा म्हणजे वातावरणावर पडलेली पृथ्वीची स्वतःची सावली होय. पावसाळा संपून आभाळ निवळले की वऱ्हाडातल्या मोकळ्या शिवारातून तो फार चांगला दिसतो. हळूहळू वर चढत तो काळोखात मिसळून जातो, कारण रात्र म्हणजे पृथ्वीच्या सावलीत आपण जाणे, एवढेच असते. आपल्या सुटलेल्या सावल्या त्या मोठ्या सावलीकडे धावत असतील, तर त्यांच्या हिंडण्याला दिशा मिळते. संध्याकाळी सावली पूर्वेकडे पडते, म्हणून त्या पूर्वेकडे जातील. पहाटे मात्र हाच पट्टा पश्चिमेकडे खाली उतरताना दिसतो आणि उगवत्या सूर्यामुळे प्रत्येकाची सावली पश्चिमेकडे पडते. म्हणून परतणाऱ्या सावल्या आपण लिहिल्याप्रमाणे पूर्वेकडून येऊ शकत नाहीत, त्या पश्चिमेकडूनच यायला हव्यात. रात्रभरात त्या सबंध आभाळाखालून पलीकडे गेल्या, हे त्यातून न सांगता सूचित होते आणि एखादी का हरवू शकते, हेही.

राहिला प्रश्न चांदण्याचा. पौर्णिमेच्या चंद्राचा उजेड सूर्याच्या उजेडाच्या सुमारे चार लाखाव्या हिश्शाइतका असतो, तरी त्याची सावली पडतेच, हे जागल करणाऱ्याला मी सांगायला नको. मग पौर्णिमेच्या रात्री उण्याचे काय? त्याच्या अंगातून चांदणे आरपार जाते, की चांदण्याची सावली ही वेगळी असून ती त्यालाही पडते? मला दुसरा पर्याय अधिक आवडतो. तसे असेल तर पौर्णिमेला उणा माणूस चारचौघांसारखा दिसेल, नात्यातल्या माणसांना भेटायला गावात येईल आणि गाव त्या रात्री कुणाला घरात घ्यावे याचा विचार करत दारे लावून बसेल. दिव्याच्या सावलीलाही जो नियम आपण चांदण्याला लावाल, तोच लावावा, नाही तर प्रत्येक चिमणीपाशी आपल्याला खुलासा करावा लागेल.

प्रश्न : आमच्या चंद्रपूर जिल्ह्यात मे महिन्यात एके दिवशी दुपारी सावली नाहीशी होते, हे शिक्षकांनी बाटली उभी ठेवून आम्हाला दाखवले होते. असा दिवस कथेत आणला तर जादूचा परिणाम कमी होईल का? कारण त्या दिवशी सगळेच बिनसावलीचे होतील.

उत्तर : परिणाम कमी होणार नाही, उलट अशी सोय कल्पिताला क्वचितच मिळते. सूर्याचे उत्तरेकडे सरकणे आपल्या गावाच्या अक्षांशाइतके झाले की मध्यान्हीला तो नेमका डोक्यावर येतो. चंद्रपूरला हे साधारण २० मेच्या सुमारास घडते, यवतमाळला २२, वर्ध्याला २४, अमरावतीला २५ आणि नागपूरला २६ मेच्या सुमारास. वर्षागणिक एखाद्या दिवसाचा फरक पडू शकतो. घड्याळात त्या वेळी बारा वाजून दहा मिनिटांच्या आसपास झालेले असतात, कारण भारताची प्रमाणवेळ ज्या रेखांशावरून ठरते तो आपल्या पूर्वेला आहे. परतीच्या वाटेवर सूर्य जुलैमध्ये पुन्हा एकदा डोक्यावर येतो, नागपूरला १७ जुलैच्या आगेमागे. पण तेव्हा आभाळ भरलेले असते आणि हा दुसरा दिवस बहुधा कुणाच्या लक्षातही येत नाही. कर्कवृत्ताच्या उत्तरेला, म्हणजे साडेतेवीस अंशांच्या पलीकडे, असा दिवस कधीच येत नाही.

येथे एक बारकावा सांभाळावा. सावली नाहीशी होत नसते, ती वस्तूच्या खाली जाते. उभ्या बाटलीची किंवा काठीची सावली दिसत नाही, पण हात पसरून उभ्या राहिलेल्या माणसाच्या हातांची सावली जमिनीवर पडतेच आणि बाभळीखाली सावली असतेच. शिवाय हा खेळ थोडाच वेळ चालतो. मध्यान्हीनंतर चार मिनिटांनी एक मीटरच्या काठीची सावली दीड सेंटीमीटरच्या किंचित पुढे आलेली असते.

ज्या देशात सावली नसणे हा गुन्हा आहे, तेथे वर्षातून एकदा, काही मिनिटांपुरते, कोण उणा आणि कोण पुरा हे कुणालाच ओळखता येत नाही. त्या वेळात काय काय घडू शकेल? गावाबाहेर टाकलेला माणूस बाजारातून चालत जाईल, ग्रामसभेत उभा राहून बोलेल, लग्न लावून घेईल. पहारेकरी त्या वेळी लोकांना हात पसरून उभे राहायला लावतील, कारण बाहेर डोकावणारी हाताची सावली फक्त पुऱ्या माणसालाच असेल. इतके नाट्य हाती असताना हा दिवस गाळणे हे मला करंटेपणाचे वाटेल.

प्रश्न : अमरावती जिल्ह्यातील एका शाळेत मी मराठी शिकवतो. सावली सुटण्याच्या कथा विद्यार्थी लिहितात तेव्हा त्या परक्या वाटतात. आपल्या परंपरेत यासारखे काही आहे का?

उत्तर : आपण ज्या जिल्ह्यातून हे विचारत आहात, त्याच जिल्ह्याशी एक उत्तर जोडलेले आहे. महाभारताच्या वनपर्वातली दमयंती ही विदर्भराजा भीमाची कन्या, आणि विदर्भाची जुनी राजधानी म्हणून परंपरा वर्धा नदीकाठच्या कौंडण्यपूरकडे बोट दाखवते. तिच्या स्वयंवरात इंद्र, अग्नी, वरुण आणि यम हे चारही देव नळाचे रूप घेऊन बसले, त्यामुळे तिच्यापुढे पाच नळ उभे राहिले. देवांना तिने ओळखले ते त्यांच्या उणिवांवरून. त्यांना घाम नव्हता, पापणी लवत नव्हती, गळ्यातल्या माळा कोमेजल्या नव्हत्या, पाय जमिनीला टेकलेले नव्हते आणि त्यांना सावली नव्हती. ज्याच्या अंगावर धूळ आणि घाम होता, ज्याची माळ सुकली होती आणि ज्याची सावली जमिनीवर पडली होती, त्याच्या गळ्यात तिने हार घातला. विद्यार्थ्यांना हे अवश्य दाखवावे. सावली नसणे ही येथे भुताची खूण नाही, ती देवत्वाची खूण आहे, आणि विदर्भाच्या मुलीने निवड केली ती सावलीवाल्याची.

रामायणाच्या सुंदरकांडात नियम निराळा आहे. समुद्रावरून उडणाऱ्या हनुमंताला सिंहिका राक्षसी त्याची पाण्यावर पडलेली सावली धरून खेचते, म्हणजे येथे सावली हे शरीराला लावलेले दावे आहे. पुराणांतल्या संज्ञेची, म्हणजे सूर्याच्या पत्नीची, कथा तर थेट सुटलेल्या सावलीचीच आहे. सूर्याचे तेज सहन न होऊन संज्ञा आपली छाया घरी ठेवून निघून जाते, ती छाया संसार करते, तिला शनीसारखी मुले होतात, आणि ती संज्ञेच्या मुलांशी आपपरभाव करू लागते तेव्हा हा बदल उघडकीला येतो. सावलीला स्वतःचा स्वार्थ असू शकतो, ही कल्पना आयात करण्याची आपल्याला गरज नाही.

मात्र आणखी एक वारसा आहे आणि तो वगळून या विषयावर मराठीत लिहिता येईल असे मला वाटत नाही. पेशव्यांच्या राज्यात समोरून सवर्ण हिंदू येत असेल तर, आपल्या सावलीने त्याला विटाळ होऊ नये म्हणून, अस्पृश्याला रस्ता वापरण्यास मनाई होती, हे डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी लाहोरच्या परिषदेसाठी लिहिलेल्या, पण होऊ न शकलेल्या भाषणात नोंदवले आहे. ते भाषण १९३६ साली त्यांनी स्वतःच छापून प्रसिद्ध केले. म्हणजे सावलीला एक वजन आहे, ती स्पर्श करते, ती शिक्षेला पात्र ठरू शकते, अशी एक कल्पित व्यवस्था येथे प्रत्यक्षात चालवली गेली होती आणि तिचे घाव खऱ्या माणसांनी सोसले. ज्या नागपुरात १४ ऑक्टोबर १९५६ रोजी लाखो लोकांनी धम्मदीक्षा घेतली, त्या नागपूरच्या परिसरातला वाचक सावलीमुळे गावाबाहेर काढलेल्या माणसाची गोष्ट वाचताना हे विसरणार नाही. यवतमाळच्या पत्रलेखकांनीही याचा विचार करावा, असे मी सुचवीन. त्यांचा उणा माणूस केवळ दुर्दैवी आहे, त्याला बाहेर ठेवणारे लोक अद्याप कथेत आलेलेच नाहीत. त्याला पाणी कुठून मिळते, त्याच्या वाट्याची जमीन कोण वाहतो, सावल्या परत आल्या की नाही हे मोजण्याचा अधिकार गावात कुणाकडे आहे, हे लिहिले तर कथेतला देश नकाशात नसला तरी वाचकाला त्याचा पत्ता कळेल.

प्रश्न : माझ्या कथेत सावल्या विकत घेणारा एक व्यापारी आहे. तो सावली नेमकी कशात मोजेल? वजनात की लांबीत? (बुलढाणा जिल्हा)

उत्तर : लांबीत, आणि त्यासाठी आपल्याकडे जुनी विद्या तयार आहे. उभ्या खुंटीची, म्हणजे शंकूची सावली मोजून वेळ आणि दिशा काढण्याची पद्धत भारतीय ज्योतिषात फार जुनी आहे आणि शंकूची उंची बहुधा १२ अंगुळे धरतात. भास्कराचार्यांनी ११५० सालच्या ‘लीलावती’त सावलीच्या गणितासाठी स्वतंत्र प्रकरण दिले आहे. त्यात दिव्यामुळे पडणाऱ्या सावलीचाही हिशेब आहे. दिवा आणि शंकू यांच्यातील अंतराला शंकूच्या उंचीने गुणावे आणि दिव्याच्या उंचीतून शंकूची उंची वजा करून जे उरेल त्याने भागावे, की सावलीची लांबी मिळते. त्यांच्या उदाहरणात दिवा साडेतीन हात (एक हात म्हणजे २४ अंगुळे) उंच आहे, शंकू त्यापासून तीन हात दूर आहे आणि सावली बरोबर १२ अंगुळे येते.

आता हेच सूत्र आपल्या व्यापाऱ्याच्या हातात द्यावे. पाच फूट उंचीचा माणूस दिव्यापासून दहा फुटांवर उभा आहे. दिवा दहा फूट उंच असेल तर सावली दहा फूट भरते. दिवा वीस फुटांवर नेला तर ती साडेतीन फुटांच्याही आत येते, आणि सहा फुटांवर उतरवला तर पन्नास फूट होते. दिवा माणसाच्या उंचीइतका आला की सावलीला शेवटच राहत नाही. म्हणजे हा व्यापारी सावली विकत घेताना दिवा उंच टांगणार आणि तीच सावली गिऱ्हाइकाला विकताना दिवा खाली ओढणार. कापूस घेऊन बाजारात गेलेल्या माणसाला काटा मारणे म्हणजे काय हे शिकवावे लागत नाही. ओलावा जास्त आहे म्हणून भाव पाडणे त्याने ऐकलेले आहेच, तेव्हा ‘दिवा मारणे’ त्याला एका वाक्यात कळेल. दिव्याची दोरी कुणाच्या हातात आहे, यावर आपली सगळी कथा उभी करता येईल. सूर्याच्या उन्हात मात्र अशी लबाडी करता येत नाही, म्हणून व्यवहार रात्रीच होतो असे ठेवावे, आणि शेतकऱ्यांनी एके दिवशी दुपारी मोजणी व्हावी अशी मागणी केली तर संघर्षही आपोआप उभा राहील. बुद्धिमान शेतकऱ्याने सकाळी आठला मोजणी मागावी आणि व्यापाऱ्याने बारा वाजेपर्यंत चहा पाजत बसवावे, एवढा विनोद आपल्या हाती आहे, तो दवडू नये.

प्रश्न : सूर्यग्रहणात सावलीचे काही वेगळे होते का? कथेत वापरावे असे वाटते. (गोंदिया जिल्हा)

उत्तर : होते. खंडग्रास ग्रहण चालू असताना कडुनिंबाखाली पाहावे, पानांच्या फटींतून एरवी जमिनीवर जे गोल कवडसे पडतात, त्या जागी शेकडो चंद्रकोरी दिसतात, कारण प्रत्येक कवडसा ही सूर्याची प्रतिमाच असते. सूर्याची कोर बारीक झाली की सावलीची कड एका बाजूने धारदार आणि दुसऱ्या बाजूने पसरट होते, इतकी की हात फिरवला तर एका दिशेला बोटांवरचे केसही सावलीत वेगळे दिसू शकतात. सुटलेल्या सावलीला कापून काढण्याचे हत्यार आपल्या कथेत हवे असेल, तर ते त्या धारदार कडेत शोधावे. पडताळणीसाठी ग्रहणाच्या वेळी जमिनीकडेच पाहावे. सूर्याकडे नुसत्या डोळ्यांनी किंवा काळ्या काचेतून पाहू नये, त्यासाठी प्रमाणित ग्रहणचष्मा वापरावा.